विजयामावशींचं चौथं पुस्तक

मावशी,

तुमच्या अभ्यासाच्या खोलीचं दार मीराने उघडून दिलं आणि स्वतः बाहेरच थांबली. "आय कान्ट, रूपाली. तू कर," म्हणाली आणि स्वयंपाकघरात निघून गेली. थोड्या वेळाने नळाचा आवाज आला. तुमची लेक तुमच्यावरच गेली आहे, रडू आलं की भांडी घासायला घेते. मागच्या आठवड्यातले चार दिवस मी चँडलरला मीराच्या घरी तुमच्या खुर्चीत बसून तुमचे कागद लावले. काल जर्सी सिटीला परत आले. आता लिहायला बसले आहे, कारण सोमवारपासून ऑफिस सुरू होईल आणि मग हे राहून जाईल.

तुमच्याबद्दल जे छापून यायचं ते येईलच. बेसबॉल, वंशभेद आणि अमेरिकन समाज यांवर तीन पुस्तकं, इतकी वर्षं प्राध्यापकी वगैरे. एका पत्रकाराने मीराला फोन करून विचारलं म्हणे, साडी नेसणाऱ्या भारतीय बाईला बेसबॉल कसा काय सुचला? मीरा म्हणाली, "हे तुम्ही तिलाच विचारायला हवं होतं. पन्नास वर्षं होती ती इथे." मला हसू आलं. तुम्हालाही आलं असतं.

आपली ओळख झाली तुमच्या दुसऱ्या पुस्तकामुळे. बेसबॉलच्या मोठ्या लीगमध्ये काळ्या खेळाडूंना मज्जाव होता तेव्हा त्यांचे वेगळे संघ होते. बस भरून ते गावोगाव खेळत फिरायचे. गावात त्यांना खेळायला मैदान मिळे, झोपायला खोली मिळत नसे. मग वस्तीतल्याच बायका आपल्या घरात त्यांची सोय करायच्या. त्या बायकांवर तुम्ही अख्खं पुस्तक लिहिलंत. कोण किती अंडी उकडायची, चादरी कुठे वाळत घालायची, पोलीस दारात आले तर काय सांगायची. मॅनहॅटनला जाणाऱ्या गाडीत मी ते वाचत होते आणि मला पुणं आठवत होतं. पहिल्या नोकरीला लागले तेव्हा एका घरमालकीणबाईंना खोली पसंत असल्याचं सांगितलं. त्यांनी आडनाव विचारलं. मी सांगितलं. संध्याकाळपर्यंत ती खोली त्यांच्या भाच्याला द्यायची ठरली होती.

म्हणून लायब्ररीत तुमचं भाषण आहे असं कळल्यावर मी ऑफिसातून लवकर निघून आले. जेमतेम अकरा माणसं होती. भाषण संपल्यावर मी पुढे येऊन मराठीत बोलले. तुम्ही केवढ्या खूश झालात! आणि दुसऱ्याच वाक्याला विचारलंत, "आडनाव काय गं तुझं?"

"मेश्राम."

"म्हणजे नागपूर."

"हो."

तुमचा चेहरा बदलला नाही. पण 'म्हणजे' आणि 'नागपूर' यांच्या मधे तुम्ही थांबलात. तेवढं थांबणं आम्हाला लहानपणापासून ऐकू येतं. मी मनात म्हटलं, एवढं पुस्तक लिहिणारी बाईसुद्धा. आणि तरी तुमचा फोन नंबर घेतला. का घेतला ते मला आजही नीट सांगता येणार नाही. मी 'काकू' म्हटलं तेव्हा तुम्ही म्हणालात, "काकू नको. काकू म्हटलं की मी कुणाच्या तरी नवऱ्याची बायको वाटते. मावशी म्हण."

तेव्हा तुम्ही जर्सी सिटीतच राहायचात. दर शनिवारी आपण चालायला जायचो. एकदा तुम्ही मला त्या जागी नेलंत जिथे पूर्वी मोठं मैदान होतं. मोठ्या लीगचं दार पुढे ज्याच्यासाठी उघडलं, तो काळा खेळाडू गोऱ्यांच्या संघातून पहिला सामना तिथेच खेळला. आता तिथे घरं आहेत. मी म्हटलं, "बघण्यासारखं काही राहिलंच नाही."

"त्या दिवशी शाळा बुडवून मॅच बघायला गेलेली बाई पलीकडच्या गल्लीत राहते," तुम्ही म्हणालात. "ती आहे तोवर राहिलंय म्हणायचं." आणि मला घेऊन थेट तिची बेल वाजवलीत. त्या म्हाताऱ्या आजींना तुम्ही सामन्याबद्दल एक अक्षर विचारलं नाहीत. त्या दिवशी पायात काय होतं, घरी गेल्यावर आई रागावली का, एवढंच विचारलंत. तासाभरात त्यांनी स्वतःहून सगळा दिवस तुमच्यापुढे मांडला. बाहेर आल्यावर मला म्हणालात, "खेळाडू आकडे सांगतो. खरं काय झालं ते गणवेश धुणारी सांगते." तुमचं अख्खं शास्त्र हे एवढंच होतं. मी बँकेत डेटा बघते, मावशी, दिवसभर आकडे. तुमच्यामुळे मला पहिल्यांदा कळलं की आकड्याच्या मागे जाऊन बेल वाजवायची असते.

मग ते भांडण. ते टाळून हे लिहिता येणार नाही.

मराठी मंडळाने तुम्हाला प्रमुख पाहुण्या म्हणून बोलावलं होतं. भाषण फार छान झालं. जेवणाच्या आधी प्रश्न विचारायला सांगितले. मी उभी राहिले. म्हटलं, "मावशी, काळ्या खेळाडूंना कुठे पाणी मिळालं नाही ते तुम्ही गावांच्या नावांनिशी लिहिलंत. आपल्याकडच्या मैदानांवर कुणाला पाणी मिळत नव्हतं, त्यावर तीन पुस्तकांत एक ओळ नाही. असं का?"

मागून एक काका म्हणाले, "अरे यार, इथे जात कुठून आली मधेच?"

तुम्ही त्यांच्याकडे लक्ष दिलं नाहीत. मला म्हणालात, "ज्याची कागदपत्रं मी पाहिली नाहीत त्यावर मी लिहीत नाही."

"त्या घरात जागा देणाऱ्या बायकांची कुठे कागदपत्रं होती? त्यांच्या तर तुम्ही दारात गेलात."

आणि तुम्ही म्हणालात, "तुम्हा लोकांना सगळीकडे तेच दिसतं."

तुमच्या पहिल्या पुस्तकात एक संपूर्ण प्रकरण आहे, गोरे संघमालक 'ते लोक' हा शब्द कसा वापरत त्यावर. मी ते दोनदा वाचलं होतं. मी पर्स घेतली आणि निघाले. जेवायला थांबले नाही. पुढचे आठ महिने तुम्ही फोन केला नाहीत, मीही नाही. मधे तुमचे यजमान गेल्याचं कळलं, तुम्ही मीराकडे चँडलरला राहायला गेल्याचं कळलं. मी मेसेज लिहिला आणि पुसला. तेव्हा यायला हवं होतं. ते राहिलंच.

फेब्रुवारीत तुमचा फोन आला. नमस्कार-चमत्कार काही नाही. "मार्चमध्ये इथे सरावाचे सामने असतात. मोठे मोठे संघ येतात. तिकीट काढ," म्हणालात. मी दोन मीटिंगा कॅन्सल केल्या आणि आले.

बेसबॉलच्या मैदानाच्या उतारावर हिरवळीवर चादर टाकून आपण बसलो होतो. ऊन मऊ होतं. तुम्ही घरून शेंगदाणे भाजून आणले होते आणि मांडीवर वही घेऊन प्रत्येक चेंडू पेन्सिलीने टिपत होतात. मधेच पेन्सिल न थांबवता बोलायला लागलात.

"मी 'तुम्हा लोकांना' म्हणाले. ते शब्द माझ्या बाबांचे. माझ्या तोंडात कुठून आले ते कळलं नाही, असं मी मीराला सांगितलं. तुला खोटं नाही सांगत. कळलं होतं."

आणि मग मिरजेचं सांगितलंत. तुमचे वडील वकील, गावातल्या एका क्रिकेट क्लबचे सेक्रेटरी. रेल्वेच्या यार्डात काम करणारा एक तरुण रोज संध्याकाळी येऊन सभासदांना सरावासाठी बॉलिंग टाकायचा. पोटापाण्यासाठी नव्हे, आवड म्हणून. त्याचा चेंडू कुणालाच खेळता यायचा नाही, तुमच्या वडिलांना तर नाहीच. पण सामन्याच्या दिवशी संघात त्याचं नाव नसे. तुम्ही दहा वर्षांच्या. वडिलांचा डबा घेऊन मैदानावर जायचात. तहान लागली की तो ओंजळ करून बसायचा आणि वरून पाणी ओतलं जायचं.

"कोण ओतायचं?" मी विचारलं.

तुम्ही पेन्सिल खाली ठेवलीत. "मी. बाबा सांगायचे, तांब्या उंच धर. मी उंच धरायचे. कायदा केव्हाच झाला होता, गं. बाबांना तो तोंडपाठ होता."

समोर कुणीतरी चेंडू लांब मारला, लोक उठून ओरडले. आपण दोघी बसून होतो. मग मी विचारलं, "नाव काय होतं त्यांचं?"

"लक्ष्या."

"पूर्ण नाव?"

तुम्ही नकारार्थी मान हलवलीत. बेसबॉलमध्ये चेंडू टाकणाऱ्या एका काळ्या खेळाडूचं वर्तमानपत्रांनी फक्त टोपणनाव छापलं होतं, म्हणून त्याचं खरं नाव शोधायला तुम्ही दोन वर्षं चर्चच्या नोंदी चाळत फिरला होतात. हे मला माहीत होतं आणि तुम्हालाही. मी शेंगदाणे खाल्ले.

त्या उन्हाळ्यात तुम्ही भावाला फोन केलात. ते म्हणाले, "ताई, बाबा गेले, क्लब गेला. आता कशाला उकरतेस?" तुम्ही चिडून मला फोन केलात. मी म्हटलं, "डिसेंबरमध्ये मी घरी जाणार आहे. मिरजेला जाऊन येते."

"नागपूरहून मिरज? अगं, केवढं लांब ते."

"तुम्ही त्या बायकांच्या गावांना किती लांबून ड्राइव्ह करत जायचात?"

मी गेले. दीड दिवस लागला. रेल्वे लाइनीजवळच्या वस्तीत बुद्धविहारासमोर बसलेल्या दोन म्हाताऱ्यांना विचारलं. एक म्हणाले, "बॉलिंग टाकणारा म्हणजे कांबळेंचा लक्ष्मण. लक्ष्मण धोंडिबा. तो केव्हाच गेला. मुलगी आहे, शाळेत बाई होती." बघा, दहा मिनिटं लागली. साठ-पासष्ट वर्षं जे कुणी विचारलं नाही ते विचारायला दहा मिनिटं.

सुशीलाताई कांबळे पासष्टीच्या आहेत. मुख्याध्यापिका म्हणून रिटायर झाल्या. त्यांनी मला आत घेतलं, चहा टाकला, सगळं ऐकून घेतलं. चहा निवला. मग म्हणाल्या, "आमचे वडील क्रिकेट खेळायचे, हे मला तुमच्याकडून कळतंय. घरात रेडिओवर मॅच लागली की ते उठून बंद करायचे. आम्हाला वाटायचं, त्यांना गोंगाट आवडत नाही."

मी त्यांना म्हटलं, तुमचे वडील कशी बॉलिंग टाकायचे ते पाहिलेली एकच व्यक्ती मला माहीत आहे. बोलायचं का? त्यांनी निवलेला चहा बाजूला सारला. "लावा," म्हणाल्या.

आमची सकाळ होती, तुमची आदली संध्याकाळ. मी फोन टेबलावर ठेवला. मला भीती होती की तुम्ही माफी मागायला लागाल किंवा रडाल. तुम्ही त्यातलं काही केलं नाहीत. तुम्ही सांगितलंत की ते सहा पावलं धावायचे, सहावं जरा लांब. चेंडू टाकण्याआधी शर्टाची बाही कोपराच्या वर सारायचे. चेंडू हातातून सुटला की आधी वर जायचा, आता लांब जाईल असं वाटायचं आणि मग तो एकाएकी खाली यायचा, पडून आत वळायचा. "माझ्या वडिलांची पुढे आलेली बॅट आणि पाय यांच्यामधून तो जायचा. रोज. बाबा म्हणायचे, खड्डा आहे तिथे. खड्डा नव्हता." सुशीलाताई मधे एकदाच बोलल्या, "बाही कुठली?" तुम्ही म्हणालात, "उजवी." त्यांनी आपल्या उजव्या कोपराला हात लावला. हे तुम्हाला फोनवर दिसलं नाही, म्हणून सांगते. तुम्हाला सांगायचं राहून गेलं होतं.

चाळीस मिनिटं झाली. आयुष्यभर तुम्ही दुसऱ्यांच्या आठवणी गोळा केल्या. त्या दिवशी पहिल्यांदा आठवण तुमची होती आणि ऐकणारं दुसरं कुणी. शेवटी ताई म्हणाल्या, "पुस्तकात लिहिणार म्हणता तर लिहा. पण बिचारा म्हणून लिहू नका. बॉलर म्हणून लिहा."

तुम्ही लिहायला घेतलंत. चौथं पुस्तक, खेळाच्या मैदानावरच्या पाण्याबद्दल. अमेरिकेतले नळ, अमेरिकेतली पिंपं, आणि शेवटचं प्रकरण मिरजेचं. या वयात तुम्ही रोज चार तास बसत होतात असं मीरा तक्रारीच्या सुरात सांगायची. जूनमध्ये ते प्रकरण मला पाठवलंत. मी एका बैठकीत वाचलं. बॉलिंगचं वर्णन असं होतं की सहावं पाऊल मला दिसलं. पण त्या एका जागी इंग्रजीत तुम्ही लिहिलं होतं की त्याच्या ओंजळीत वरून पाणी ओतलं जात असे.

मी फोन केला. "ओतलं जात असे? कुणाकडून, मावशी?"

"ती तिथली रीत होती. एका मुलीची गोष्ट नाही ती."

"हॉटेलमालकांनी असंच लिहिलं होतं. 'खोली नाकारली जात असे.' त्यावर तुम्ही केवढ्या तुटून पडला होतात."

"रूपाली, मी दहा वर्षांची होते."

"मग तसं लिहा. दहा वर्षांची होते असं लिहा."

मग थकलेल्या आवाजात म्हणालात, "बघते." मी आणखी एक वाक्य बोलले. म्हणाले, "कागदावर 'मी' लिहायला तुम्हाला एवढं जड जातं, आणि आम्ही मात्र रोज आडनाव सांगायचं." तुम्ही "ठेवते गं" म्हणून फोन ठेवलात. ते आपलं शेवटचं बोलणं. अकराव्या दिवशी मीराचा फोन आला की सकाळी तुम्ही उठलाच नाहीत.

त्या वाक्याबद्दल मी स्वतःला फार दोष देत नाही. ते खरं होतं. पण त्यानंतर 'जेवलात का' एवढं तरी विचारायला हवं होतं. नेहमी विचारायची.

तुमच्या कॉम्प्युटरवर मी सगळ्यात आधी ते प्रकरण उघडलं. वाक्य तसंच होतं. ओतलं जात असे. मी रागावले तुमच्यावर, मेलेल्या माणसावर रागावता येतं तेवढी. मीरा म्हणाली, "पब्लिशर म्हणतोय, तू फिनिश कर. तो शब्द बदलून टाक ना, यू नो व्हॉट हॅपन्ड." मी नाही म्हटलं. तुमचं वाक्य बदलायचा मला हक्क नाही. खाली टीप घालून मी माझ्या नावाने लिहीन, असं ठरवलं.

तिसऱ्या दिवशी दुपारी पोस्टमन आला. भारतातून आलेलं पाकीट, तुमच्या नावाचं, मिरजेचा शिक्का. मीराला मराठी वाचता येत नाही. तिने ते माझ्या हातात दिलं आणि या वेळी खोलीत येऊन बसली. सुशीलाताईंचं अक्षर शाळेतल्या फळ्यावर असावं तसं आहे. मी मोठ्याने वाचलं आणि मीरासाठी इंग्रजीत सांगत गेले.

त्यांनी लिहिलं होतं, तुमचं मे महिन्यातलं पत्र पोचलं. मे महिन्यातलं. म्हणजे मला प्रकरण पाठवण्याच्या आधी, आपलं भांडण होण्याच्या आधी तुम्ही त्यांना हाताने, मराठीत पत्र लिहिलं होतंत आणि मला त्याबद्दल अवाक्षर बोलला नव्हतात. "आपण लिहिलंत की तांब्या माझ्या हातात होता, मी तो उंच धरत असे," असं त्यांनी तुमचं वाक्य उतरवून काढलं होतं. पुढे लिहिलं होतं, "ते वाचून मी पत्र बाजूला ठेवलं. उत्तराला उशीर झाला तो त्यामुळे. माफ करण्याचं माझ्या हातात नाही, ते बाबांचं होतं. पण आपण ते पुस्तकाच्या आधी मला कळवलंत, हे मला योग्य वाटलं."

मीरा म्हणाली, "आईने हे मला कधीच नाही सांगितलं." मला इतकंच कळलं की जिला आधी सांगायला हवं होतं तिला तुम्ही आधी सांगितलंत. पुस्तकाचं वाक्य तुम्ही पुढे बदललं असतंत की नाही, ते मला आता कळणार नाही. मी टीप लिहीन, त्यात हे पत्र असेल. ताईंची परवानगी मी मागितली आहे. त्या म्हणाल्या, घाला, फक्त बाबांचं नाव पूर्ण छापा.

पत्राच्या शेवटी, सहीच्या खाली, त्यांनी एक ओळ वाढवली होती. नंतर आठवून लिहिल्यासारखी, वेगळ्या पेनने. "एक विचारायचं राहिलं. दांडी उडाली की बाबा हसायचे का? आम्ही त्यांना खेळताना पाहिलं नाही, म्हणून विचारते."

तुमचं अख्खं प्रकरण मी पुन्हा वाचलं. टिपणांच्या वह्या बघितल्या, ताईंच्या फोननंतर तुम्ही लिहून ठेवलेली चार पानंही बघितली. पावलं आहेत, बाही आहे, चेंडूचं वळणं आहे. हे कुठेच नाही. काल रात्रीपर्यंत ताईंना काय कळवायचं ते मला सुचत नव्हतं. आज सकाळी कळवलं की माहीत नाही, आणि सांगू शकणारं आता कुणी नाही.

हसायचे का हो, मावशी?